न जुळणाऱ्या तुकड्यांचा हिशेब

तांब्याची एक मऊ तार घ्यायची, ज्योतीवर लाल करून सावकाश निवू दिलेली. ती बोटांनी सहज वाकते, विरोध असा करतच नाही. आता तीच तार सरळ करायला जा. सरळ होते, पण जिथे वाकवली होती तिथे होत नाही. बाक होता ती जागा ताठ राहते आणि तिच्या दोन्ही अंगांना, जिथे आपण काही केलंच नव्हतं तिथे, उलट दिशेचे दोन छोटे बाक येतात. कितीही निगुतीने दाबत बसा, तार पहिल्यासारखी म्हणून होत नाही.

वजन तेवढंच, अणू तेच, घनताही जवळजवळ तीच. क्ष-किरणांनी आत डोकावलं तरी मांडणी तीच दिसते: घनाच्या आठ कोपऱ्यांवर आणि सहाही पृष्ठांच्या मधोमध एकेक अणू, घनाची बाजू ०.३६ नॅनोमीटर. मग हा ताठपणा आला कुठून?

माझं काम या प्रश्नाच्या आसपास फिरतं. अर्जात त्याला ‘स्फटिकी पदार्थांच्या विरूपणाची यामिकी आणि भूमिती’ असं भारदस्त नाव द्यावं लागतं. धातूंवर काम करते म्हटल्यावर लोकांच्या डोळ्यांसमोर भट्टी आणि ठिणग्या येतात. प्रत्यक्षात टेबलावर कागद असतात, संगणकावर एखादं गणित रात्रभर चालू असतं आणि एक तार असते, ती मी विचार करताना उगाच वाकवत बसते. या कामात मला सर्वांत जास्त छळलेला प्रश्न समीकरणांचा नाही, अधिकाराचा आहे. भूमितीला धातूवर हुकूम चालवता येतो का, की ती बिचारी झाल्या गोष्टीचा हिशेब लिहून ठेवते, एवढंच?

सुरुवात १९२६ मधल्या एका गणितापासून करावी लागते. याकोव फ्रेंकेल यांनी विचारलं, की स्फटिकातला अणूंचा एक थर खालच्या थरावरून सरकवायला किती जोर लागेल? प्रत्येक अणू एका खळग्यात बसलेला आहे. त्याला उंचवटा ओलांडून पुढच्या खळग्यात जायचं आहे. अख्खा थर एकदम सरकतो असं धरलं, तर उत्तर दोन ओळींत निघतं. पदार्थाच्या कर्तन ताठपणाला, म्हणजे थर एकमेकांवरून सरकवण्याला पदार्थ किती विरोध करतो त्या मापाला, सुमारे सहाने भागा. तांब्यासाठी ते सात गिगापास्कलच्या वर जातं. आणि शुद्ध तांब्याचा एकेरी स्फटिक प्रत्यक्षात कितीला मान टाकतो? एक मेगापास्कलच्या आसपास, नीट निववलेला असेल तर त्याहूनही कमी. फरक हजारो पटींचा. दुप्पट-तिप्पट चुकलं असतं तर कुठेतरी एखादा गुणक घालून विषय मिटवता आला असता. इतकं चुकल्यावर मूळ चित्रच चुकीचं आहे हे मान्य करण्याशिवाय गत्यंतर नव्हतं.

नवं चित्र १९३४ मध्ये आलं, आणि एकदम तिघांकडून: जेफ्री टेलर, एगॉन ओरोवान आणि मायकेल पोलान्यी. ओरोवान आणि पोलान्यी यांनी एकमेकांशी बोलून आपापले लेख एकाच जर्मन नियतकालिकात बरोबरच छापले, टेलर यांनी स्वतंत्रपणे. कल्पना अशी. स्फटिकातले अणूंचे उभे थर शेजारी शेजारी उभे आहेत. त्यांतला एक थर वरून येतो पण अर्ध्यातच संपतो. तो जिथे संपतो ती कडा म्हणजे डिसलोकेशन. आता वरचा भाग थोडा ढकलला, तर शेजारच्या पूर्ण थराचा बंध त्या कडेजवळ तुटतो, त्याचा खालचा अर्धा भाग आपल्या अर्धवट थराला येऊन मिळतो, आणि वरचा अर्धा भाग नवा अर्धवट थर होऊन बसतो. कडा एक घर पुढे गेली. अणू मात्र जेमतेम हलले. ही कडा स्फटिकाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत गेली की वरचा भाग खालच्यावरून बरोबर एक अणू सरकलेला असतो. अख्खा थर कधीच एकदम हलला नाही. सगळा जोर एका वेळी एका ओळीपुरता लागला.

फ्रेंकेल यांच्या गणितात खोट नव्हती, खोट होती स्फटिक निर्दोष मानण्यात. १९५२ मध्ये हेरिंग आणि गॉल्ट यांनी कथलाचे केसाहूनही बारीक तंतू वाकवून पाहिले. इतक्या बारीक तंतूंत डिसलोकेशन जवळजवळ नसतात. कथील, जे हाताने वाकतं, ते तंतूच्या रूपात फ्रेंकेल यांनी सांगितलेल्या ताकदीच्या जवळ जाऊन पोहोचलं.

हे सगळं डोळ्यांनी बघायची हौस असेल तर इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाची गरज नाही. १९४७ मध्ये ब्रॅग आणि नाय यांनी साबणाच्या पाण्यावर एका मापाच्या बुडबुड्यांचा तराफा केला. बारीक नळीच्या तोंडातून एकाच दाबाने हवा सोडायची, बुडबुडे मिलिमीटर-दोन मिलिमीटरचे, आणि ते आपसूक एकमेकांना चिकटून मधमाश्यांच्या पोळ्यासारखी मांडणी करतात. मी करून पाहिलं तेव्हा आधी काहीच दिसेना, सगळे बुडबुडे सारखे. मग डोकं खाली नेऊन पृष्ठभागाला जवळजवळ टेकवून ओळींच्या दिशेने पाहिलं. एका ठिकाणी ओळी किंचित दाटल्या होत्या. मोजल्या तर एका बाजूला एक ओळ जास्त. तराफ्याची कड बोटाने जरा लोटली, आणि ती दाटी एका झटक्यात पलीकडे धावत जाऊन काठावर नाहीशी झाली. काठाला एक पायरी पडली, बुडबुड्याएवढी. ती धाव बघितल्यापासून मला ‘धातू वाकतो’ हे वाक्य फार ढोबळ वाटायला लागलं.

पण खरी मौज धावण्यात नाही, मोजण्यात आहे. त्या दाटीभोवती एक फेरी मारायची: दहा बुडबुडे एका दिशेला, दहा पुढच्या दिशेला, मग तेवढेच परत, तेवढेच मागे. निर्दोष जागी अशी फेरी निघालो तिथेच येऊन थांबते. इथे ती थांबत नाही, एक पाऊल कमी पडतं. आता फेरी मोठी करा, शंभर-शंभर पावलांची. तरी तूट एकच पावलाची. अर्धं पाऊल नाही, सव्वा पाऊल नाही. या तुटीला बर्गर्स सदिश म्हणतात, योहानेस बर्गर्स यांच्या १९३९ मधल्या कामावरून. हे बर्गर्स द्रवांच्या प्रवाहाचे अभ्यासक, टेलरही मुळात त्याच गल्लीतले. घन पदार्थ का वाकतो हे समजावून सांगायला वाहत्या पदार्थांची माणसं यावी लागली, याचं मला अजूनही गंमतीशीर नवल वाटतं.

तुटीची ही पूर्ण संख्याच सगळं ठरवते. डिसलोकेशनची रेषा स्फटिकाच्या पोटात मध्येच संपू शकत नाही. संपली असती तर तिच्याभोवतीची फेरी रेषेच्या टोकावरून हळूच पलीकडे सरकवून घेता आली असती आणि तूट वाटेत कुठेतरी नाहीशी झाली असती. फेरी सरकवताना तूट बदलत नाही, म्हणून रेषा एक तर पृष्ठभागावर जाऊन संपते, नाहीतर स्वतःलाच मिळून वेटोळं करते, नाहीतर दुसऱ्या रेषांशी गाठ मारते. इथे धातू कोणता, तापमान किती, बंध कसे, कशाचाही प्रश्न येत नाही. भूमितीचा हा पहिला हुकूम, आणि तो आजवर कुठल्याही धातूने मोडलेला नाही.

याच्याही कितीतरी आधी, १९०७ मध्ये, व्हितो व्होल्तेरा या इटालियन गणितज्ञाने एक पोकळ नळकांडं मनातल्या मनात उभं कापलं, कापाच्या दोन कडा एकमेकींवरून सरकवल्या आणि पुन्हा चिकटवून टाकल्या. बाहेरून कसलाही जोर नाही, तरी आत ताण कायमचा. त्यांच्या डोक्यात स्फटिक नव्हता. स्फटिकातली अणूंची मांडणी क्ष-किरणांनी दाखवून दिली ती १९१२ मध्ये. त्यांना फक्त एवढं दिसलं की भोक असलेल्या पदार्थात अशी कुलंगडी करता येतात. पुढे १९३१ मध्ये फॅसिस्ट राजवटीने प्राध्यापकांकडून निष्ठेची शपथ मागितली, तेव्हा संपूर्ण इटलीत नकार देणाऱ्या मोजक्या लोकांत हे होते. त्याचा डिसलोकेशनशी काही संबंध नाही, पण व्होल्तेरा यांचं नाव घेताना मला ते सांगितल्याशिवाय राहवत नाही.

आता पुन्हा तारेकडे. निववलेल्या धातूच्या एका घन सेंटिमीटरमध्ये या सगळ्या रेषा सोडवून सरळ एकापुढे एक मांडल्या, तर त्यांची लांबी दहा-एक किलोमीटर भरते. तोच धातू भरपूर ठोकला, पिळला, ओढला, की तीच लांबी दहा लाख किलोमीटरच्या घरात जाते. चंद्रापर्यंत जाऊन परत येऊन उरेल इतकी, आणि जागा साखरेच्या खड्याएवढी. या रेषा एकमेकींत अडकतात, एकमेकींच्या वाटेत गाठी होऊन बसतात. तार ताठ झाली ती यामुळे. दुरुस्तीसाठी केलेल्या प्रत्येक वाकवण्याने गर्दीत भरच घातली. म्हणून दुसऱ्यांदा जोर दिला की गर्दीची जागा हलत नाही, शेजारची मोकळी जागा वाकते.

दहा लाख किलोमीटर गुंत्याचा हिशेब एकेका रेषेने करता येत नाही, सरासरी घ्यावी लागते. जॉन नाय यांनी १९५३ मध्ये दाखवलं की स्फटिकाची जाळी, म्हणजे अणूंची ओळीओळींची मांडणी, वाकलेली असेल तर त्या वाकण्यापुरत्या डिसलोकेशन आत असल्याच पाहिजेत, आणि किती ते फक्त वाकण्यावरून काढता येतं. त्याच दशकात जपानमध्ये काझुओ कोंडो, शेफिल्डला ब्रूस बिल्बी आणि त्यांचे सहकारी, श्टुटगार्टला एकेहार्ट क्रोनर, हे सगळे वेगवेगळ्या वाटांनी एकाच जागी पोहोचले. त्यांचं म्हणणं असं की ही सरासरी तूट म्हणजे फ्रेंच गणितज्ञ एली कार्तां यांनी १९२२ मध्ये मांडलेलं टॉर्शन, चालत काढलेला चौकोन किती उघडा राहतो याचं माप.

समजा स्फटिकाच्या आत राहणारं कुणी आहे. त्याच्याकडे मोजपट्टी नाही, कोनमापक नाही. अणू मोजणं हेच अंतर, अणूंची ओळ हीच दिशा. बाहेरून आपण तो स्फटिक स्थितिस्थापक मर्यादेत ताणला, तरी याला पत्ता लागणार नाही. काल घरापासून शंभर अणूंवर असलेली जागा आजही शंभर अणूंवरच. त्याच्या दृष्टीने जग सपाट आहे, दिशाही कुठूनही पाहिल्या तरी ठरलेल्या. फक्त एक गोष्ट खटकते: समांतरभुज चौकोन चालायला जावं तर तो मिटत नाही. वक्रता शून्य आणि तरी चौकोन उघडे, अशी ही भूमिती. आईन्स्टाईन यांनी १९२८ पासून काही वर्षं गुरुत्वाकर्षण आणि विद्युतचुंबकत्व एकत्र बांधण्यासाठी नेमकी हीच भूमिती वापरून पाहिली, कार्तां यांच्याशी त्यावर भरपूर पत्रव्यवहारही केला, आणि अखेर ती सोडून दिली. विश्वाच्या अंगाला न बसलेला सदरा तांब्याच्या तारेला मात्र शिवल्यासारखा बसला.

माझा बराचसा वेळ जातो तो यातून निघणाऱ्या एका विचित्र वस्तूवर. वाकलेल्या धातूचे मनातल्या मनात अगदी बारीक तुकडे करायचे आणि प्रत्येक तुकडा मोकळा सोडायचा. त्याच्यावर शेजाऱ्यांचा ताण राहिला नाही की तो आपल्या नैसर्गिक आकारात येतो. असे सगळे तुकडे सैल झाले. आता ते परत जुळवायला घ्या. जुळत नाहीत. कुठे फट राहते, कुठे एकाची कड दुसऱ्यात घुसते. म्हणजे ज्या अवस्थेत प्रत्येक भाग सुखात आहे, ती अवस्था आपल्या तीन मितींच्या जागेत मांडताच येत नाही. धातूचं प्रत्यक्ष रूप ही सगळ्यांनी थोडा थोडा ताण सोसून केलेली तडजोड आहे. इरॅस्टस ली यांनी १९६९ मध्ये या विभागणीला अभियंत्यांच्या हाती देण्याजोगं रूप दिलं, आणि आज गाडीचा पत्रा दाबण्याचं गणित करणारी प्रणाली असो की विमानाच्या पात्याचं, आत कुठेतरी ही कुठेच नसलेली अवस्था प्रत्येक पायरीला मोजली जाते. ती अवस्था एकमेव आहे का, तुकडे सैल सोडताना ते कुठे तोंड करून पडतात याला अर्थ आहे का, यावर या क्षेत्रातली माणसं दशकानुदशकं हिरिरीने भांडत आलीत. त्यातली निम्मी भांडणं मला निव्वळ चिन्हांची वाटतात. उरलेल्या निम्म्यांत मीही आहे.

इतकं सुंदर सगळं जमून आल्यावर भूमितीने तारेचा ताठपणाही सांगून टाकावा, अशी अपेक्षा होणारच. इथे ती हात वर करते. कारण तिला फक्त निव्वळ तूट दिसते. एकमेकींच्या उलट दोन डिसलोकेशन शेजारी असतील तर दोघींना वेढणारी फेरी व्यवस्थित मिटते. हिशेब शून्य, पण दोघी वाट अडवून उभ्या आहेतच. तार सरळ ओढून लांबवली तर आत लाखो किलोमीटरचा गुंता तयार होतो आणि नाय यांचं गणित म्हणतं, इथे काहीच नाही. ताठपणा गुंत्याच्या एकूण घनतेच्या वर्गमुळाप्रमाणे वाढतो हे टेलर यांच्यापासून माहीत आहे आणि ते पुष्कळ धातूंत छान लागू पडतं. पण घनता किती आणि कशी वाढेल, रेषा मध्ये मोकळ्या जागा सोडून भिंती का बांधतात, हे पहिल्या तत्त्वांपासून काढणारा समाधानकारक सिद्धांत आपल्याकडे नाही. नव्वद वर्षं उलटून गेली. या क्षेत्रातला मोठा भाग अनुभवावरून बसवलेल्या सूत्रांवर चालतो, आणि वर देखणं टॉर्शन लावून ही गोष्ट झाकली जाते असं माझं स्पष्ट मत आहे. सहकाऱ्यांना ते आवडत नाही.

मात्र जिथे निव्वळ तूट मोठी असते तिथे भूमितीचा आवाज ऐकू येतो. १९९४ मध्ये फ्लेक, म्युलर, ॲशबी आणि हचिन्सन यांनी तांब्याच्या बारीक तारा एकदा ओढून आणि एकदा पिळून पाहिल्या. जाडी १७० मायक्रोमीटरपासून १२ मायक्रोमीटरपर्यंत. ओढताना जाड-बारीक तारांत विशेष फरक नाही. पिळताना सर्वांत बारीक तारेने सुमारे तिप्पट विरोध केला, तारेचा आकार हिशेबात धरूनही. पिळात मध्यभाग स्वस्थ आणि कड सर्वांत जास्त विकृत. बारीक तारेत हा चढ फार थोड्या अंतरात गाठावा लागतो, म्हणजे जाळी तिथे झपाट्याने वळते, आणि तेवढ्या डिसलोकेशन हव्याच हव्यात. जुन्या सिद्धांतात लांबीचं मापच नव्हतं, त्याच्या लेखी जाड आणि बारीक तार सारखीच.

आणि मग असं एक क्षेत्र आहे, जिथे भूमिती चक्क मालकीण आहे. कथलाची कांडी कानाजवळ धरून वाकवली तर ती करकर आवाज करते. डिसलोकेशन असा आवाज करत नाहीत. इथे स्फटिकाचे पट्टेच्या पट्टे एकदम आरशातल्या प्रतिबिंबासारखी मांडणी घेतात, तेही इतक्या झटक्यात की त्याची ध्वनिलहर कानापर्यंत येते. पट्टा आणि त्याचा शेजारी यांच्यात तूट नाही, फट नाही. ज्या प्रतलावर दोघे भेटतात तिथे दोघांचं ताणणं अगदी सारखं असतं. दोन वेगवेगळ्या विकृती, म्हणजे आकारातले बदल, एका प्रतलावर कधी जुळतात, याची अट कागदावर अर्ध्या ओळीत मावते.

पोलाद लाल असताना पाण्यात बुडवलं की त्याची जाळी अचानक दुसरा आकार घेते, मार्टेन्साइट होते. तो बदल निव्वळ ताणण्या-दाबण्याने कसा होऊ शकतो हे एडगर बेन यांनी १९२४ मध्ये सांगितलं होतं. निटिनॉल हा निकेल-टायटॅनियमचा आकारस्मृती मिश्रधातूही असाच बदलतो, फक्त तापवला की परत येतो. अडचण अशी की नवी जाळी आणि जुनी जाळी सहसा एका प्रतलावर जुळत नाहीत. मग मार्टेन्साइट स्वतःच्या दोन रूपांचे बारीक एकाआड एक पट्टे करतं, म्हणजे निदान सरासरीने जुळतं. जॉन बॉल आणि रिचर्ड जेम्स यांनी १९८७ मध्ये हे सगळं किमान ऊर्जेच्या गणितातून काढलं. दोन रूपांच्या पट्ट्यांच्या रुंदीचं एकमेकांशी प्रमाण किती, पट्टे कोणत्या कोनात, हे त्यातून निघतं आणि सूक्ष्मदर्शकाखाली तसंच दिसतं.

त्यातून पुढे एक धीट विचार आला. जाळी बदलताना तीन लंब दिशांना ती तीन वेगवेगळ्या प्रमाणांत ताणली जाते. त्यांतलं मधलं प्रमाण बरोबर एक असेल, म्हणजे त्या दिशेला लांबी बदलतच नसेल, तर पट्ट्यांची गरजच नाही, दोन्ही रूपं थेट जुळतात. निटिनॉलमध्ये ते ०.९७ च्या आसपास असतं. मग मूलद्रव्यांचं प्रमाण थोडं थोडं बदलत न्यायचं आणि ही संख्या एकावर आणायची. बंधांच्या बळाचा विचार नाही, कणखरपणाचा नाही, एका संख्येचा पाठलाग. २०१३ मध्ये अणूंच्या संख्येने ४५ टक्के जस्त, ३० टक्के सोनं आणि २५ टक्के तांबं अशा मिश्रधातूत ती एकाच्या हजाराव्या भागाच्या आत आली, पट्ट्यांविषयीच्या आणखी काही अटीही जवळजवळ पुऱ्या झाल्या. सोळा हजारांहून जास्त वेळा तापवून-निववून झाल्यावर बदलाचं तापमान अर्ध्या अंशानेही हललं नाही. साधे मिश्रधातू एवढ्यात कधीच भरकटलेले असतात. त्याहून मला आवडलेली गोष्ट म्हणजे सूक्ष्मदर्शकाखाली दर खेपेला उमटणारी नक्षी निराळी होती. जुळणीचे इतके मार्ग मोकळे की धातूला मागच्या खेपेची वाट धरायचं कारणच उरलं नाही. त्याला काही आठवतच नव्हतं.

सध्या माझ्यासमोर आहे ते या दोन टोकांच्या मधलं काम. ०.९७ मधली जी उणीव आहे ती निटिनॉलला कुठेतरी भरून काढावी लागते, आणि तो ती डिसलोकेशनने भरतो. दोन रूपांमधली सीमा पुढे सरकते तशी मागे रेषांचा कचरा टाकत जाते. पहिल्या काही फेऱ्यांतच बदलाचं तापमान घसरतं ते त्यामुळे. कमीत कमी किती रेषा लागतील हे भूमितीतून मिळतं. प्रत्यक्षात त्याहून पुष्कळ जास्त सापडतात, आणि त्या जादा रेषांतल्या किती उलट-सुलट जोड्या आहेत ते निव्वळ तूट मोजून कळत नाही. म्हणून गणितात तुटीबरोबर एकूण लांबीचा वेगळा हिशेब ठेवावा लागतो. हे दुसरं समीकरण अजून मनासारखं लिहून झालेलं नाही. गेल्या आठवड्यात त्यातलं एक पद तिसऱ्यांदा खोडलं, कारण सीमा उलटी फिरवली की त्या पदातून रेषांची लांबी उणे निघत होती.